सामानाच्या रकान्यातले सासरे

"ताई, एक ताट उरलंय बघा," कॅटरिंगवाला म्हणाला आणि ती दचकून ताट बघायला धावली.

शंभरेक माणसांच्या जेवणात एखादं ताट उरलं तर एरवी कुणी दचकत नाही. कुणाचं पोट बिघडलेलं असतं, कुणी वजन कमी करत असतं, कुणी नुसतंच रुसलेलं असतं. पण तिला युनिटमध्ये सगळे धसकाताई म्हणत. आधी पाठीमागे म्हणायचे. एकदा तिने ऐकलं आणि ती काहीच बोलली नाही, तेव्हापासून तोंडावर म्हणू लागले.

ती प्रॉडक्शन मॅनेजर होती. सिनेमात ढग येतील, नटाला ताप येईल, जनरेटर बंद पडेल, घोडा मधेच बसून घेईल, या सगळ्याची भीती बाकीच्यांच्या वतीने एकाच माणसाने बाळगायची असते. तो माणूस म्हणजे प्रॉडक्शन मॅनेजर. नऊ वर्षं ती दुसऱ्यांच्या हाताखाली घाबरली होती. या सिनेमात पहिल्यांदाच स्वतंत्रपणे घाबरत होती.

रोज संध्याकाळी ती दुसऱ्या दिवसाची कॉलशीट बनवायची. त्यात दोन मोठे रकाने. एक माणसांचा, एक सामानाचा. माणसांच्या रकान्यात जेवढे नंबर, तेवढी ताटं, तेवढ्या बसमधल्या जागा, तेवढीच डोकी मोजायची. आजचा आकडा होता एकशे चार. ताटं मात्र तिने एकशे पाच सांगितली होती, तीही हळू आवाजात. एकशे पाचवं ताट तिच्या सासऱ्यांचं होतं आणि उरलं होतं ते तेच.

सासरे वजनमापं तपासणारे सरकारी निरीक्षक होते. छत्तीस वर्षं त्यांनी नियमाबाहेर पाऊल टाकलं नव्हतं, आणि निवृत्त झाल्यापासून सोफ्याबाहेरही टाकलं नव्हतं. परवा शूटिंगसाठी मागवलेल्या बारा रबरी प्रेतांपैकी एक फाटकं निघालं. दिग्दर्शकाला तर बाराच हवी होती. अकरा प्रेतं म्हणजे कंजूषपणा वाटतो, असं त्याचं मत. घरी हे ऐकल्यावर सासूबाई म्हणाल्या, "यांना ने की. नुसतं पडून राहायचंय ना? अनुभव दांडगा आहे."

अडचण एकच होती. लाइन प्रोड्यूसर, म्हणजे युनिटचे साहेब, यांनी ऑफिसच्या दारावर पाटी लावली होती: 'सेटवर नातेवाईक आणू नयेत.' आधीच्या मॅनेजरने मेहुणीला हीरो दाखवायला आणलं, म्हणून त्याला साहेबांनी त्याच दिवशी घरी पाठवलं होतं. तिच्या वाट्याला ही खुर्ची आली होती ती तशी. त्यामुळे तिने माणसांच्या रकान्याला हातच लावला नाही. सामानाच्या रकान्यात 'रबरी पुतळे: १२' असं आधीपासून होतं, ते तसंच राहू दिलं. कागदोपत्री सासरे सामानात गेले.

आणि आज ते सामान पाडायच्या इमारतीत होतं.

इमारत दुमजली, जुनी, एके काळी इस्पितळ असलेली. मालकाने पाडायला काढली होती. पडणारच आहे तर कॅमेऱ्यासमोर पडू दे, असं दिग्दर्शकाने ठरवलं होतं. सकाळी तळघरातल्या शवागारात शेवटचा सीन, मग जेवण. जेवणाच्या वेळात पोकलेनवाल्याची माणसं खालच्या खांबांना पोलादी दोर बांधणार आणि दोन ते चारमध्ये दोन पोकलेन दोन बाजूंनी ओढणार. प्रेतांचं सामान आतच राहणार होतं, कारण ढिगाऱ्यातून पुतळ्याचा एखादा हात बाहेर आलेला दिग्दर्शकाला आवडला असता.

घड्याळात एक वाजून चाळीस मिनिटं झाली होती.

तिने सासऱ्यांना फोन लावला. रिंग तिच्याच पर्समध्ये वाजली. प्रेताच्या कपड्यांना खिसा नसतो म्हणून सकाळी त्यांनी फोन आणि चष्मा तिच्याकडेच दिला होता. पर्समधला फोन वाजून वाजून गप्प झाला. चष्मा तिच्याकडे बघत राहिला.

ती बसमध्ये बघून आली. झाडाखालच्या खुर्च्या बघून आली. बाथरूमच्या दारावर टकटक केली, तर आतून हीरोचा आवाज आला. मग ती मेकअपवाल्याकडे गेली.

"बारावं प्रेत कुठं दिसलं का हो?"

"काका ना? सकाळी रंगवलं आणि खाली पाठवलं." मेकअपवाला ब्रश धूत होता. "फार गुणी माणूस. दीड तास रंगवत होतो, एकदाही खाजवलं नाही. बाकीच्या अकरांशी इतके मॅच करून दिलेत, की मलाच ओळखू येत नव्हते."

"वर आलेले पाहिलंत?"

"मी जेवत होतो ताई. जेवताना मी प्रेतांकडे बघत नाही."

सीनच्या वेळी प्रेतांवर लक्ष ठेवायला दुसऱ्या युनिटचा एक असिस्टंट होता; त्या युनिटची यादी वेगळी आणि जेवणही वेगळं. त्याला साडेबारालाच दिग्दर्शकाने ढगांचं शूटिंग करायला टेकडीवर धाडलं होतं. टेकडीवर ढग होते, नेटवर्क नव्हतं. तिला आठवलं, सीनच्या आधी हाच असिस्टंट सासऱ्यांना सांगत होता, "काका, मी सांगेपर्यंत अजिबात हलायचं नाही." आणि सासरे एखादा सरकारी आदेश आल्यासारखी मान डोलवत होते.

तरी एक आशा होती म्हणून तिने घरी फोन केला.

"आई, बाबा घरी आलेत का?"

"सकाळी मरायला म्हणून तूच नेलंस ना त्यांना?" सासूबाई म्हणाल्या. "का गं?"

"काही नाही. सहज."

"सहज विचारतेस तेव्हा तुझा आवाज असा नसतो."

तिने फोन ठेवला, कारण मैदानातून हजेरीचा पुकारा ऐकू येत होता.

सेफ्टी ऑफिसरला सगळे शिट्टीमास्तर म्हणत. तोंडात शिट्टी, हातात तिने बनवलेली कॉलशीट. पिवळ्या पट्टीच्या मागे सगळं युनिट उभं करून त्याने एकेक नंबर पुकारला. एकशे चार नंबर, एकशे चार 'हजर', एकशे चार बरोबरच्या खुणा. तिने स्वतःच्या नंबरला 'हजर' म्हटलं तेव्हा आवाज फुटला नाही, पण ओठ हलले म्हणून खूण झाली.

"इमारत रिकामी," शिट्टीमास्तरने जाहीर केलं. "पहिल्या शिट्टीला दोर ताणायचे. दुसरीला इंजिनं. तिसरीला ओढायचं. पहिल्या शिट्टीनंतर पट्टीच्या आत कुणीही जायचं नाही."

आणि त्याने पहिली शिट्टी फुंकली.

दोर जमिनीवरून उचलले गेले, सरळ झाले, कुरकुरले. साहेब दिग्दर्शकाच्या शेजारी हाताची घडी घालून उभे होते. तिने एकदा साहेबांकडे बघितलं, एकदा इमारतीकडे. त्या क्षणात तिने नोकरीचा विचार केला आणि सासऱ्यांचा केला, आणि नोकरीचा आधी केला. याची तिला पुढे पुष्कळ शरम वाटणार होती. सध्या वेळ नव्हता.

ती शिट्टीमास्तरपाशी पोचली. "थांबवा. आत माणूस आहे."

"कितवा नंबर?"

"नंबर नाही."

"नंबर नाही म्हणजे यादीत नाही," तो समजावणीच्या सुरात म्हणाला. "यादीत नाही म्हणजे आत नाही."

"यादी मी केलीय."

"म्हणून तर माझा एवढा विश्वास आहे."

"सामानाचा रकाना बघा. रबरी पुतळे, बारा."

"ते राहू द्यायचेत ना आत."

"अकरा राहू द्यायचेत. बारावे माझे सासरे आहेत."

शिट्टीमास्तरचं तोंड उघडायचं होतं, पण त्यात शिट्टी होती. त्याच्या छातीतून जो श्वास सुटला तो शिट्टीतून सुटला. बारीक, लांबलचक वाजली. पोकलेनवाल्याने ती दुसरी समजून इंजिन सुरू केलं. पलीकडच्यानेही केलं. दोन्ही पोकलेन धुरासकट गुरगुरायला लागले.

शिट्टीमास्तरने शिट्टी थुंकली, दोन्ही हात हलवत तो पोकलेनकडे धावला. ती पट्टीखालून वाकून इमारतीकडे धावली. मागून कुणीतरी "धसकाताई, अहो कुठे" असं म्हणालं. एरवी लिफ्टमध्येही शेवटी शिरणारी ती, पडायच्या इमारतीत पहिली शिरली.

तळघराच्या जिन्यात अंधार होता. जेवणाच्या आधीच वीज तोडली होती, कॉलशीटवर तसं तिनेच लिहिलं होतं. खाली उंच झरोक्यातून थोडा राखाडी उजेड येत होता. बारा टेबलं, बारा पांढऱ्या चादरी. वर कुठेतरी दोर ताणलेला होता आणि खांब कण्हत होता. छतातून पिठासारखी बारीक माती चादरींवर पडत होती.

"बाबा," ती म्हणाली.

कुणी काही बोललं नाही. प्रेतांमध्ये शिस्त होती.

तिने पहिली चादर ओढली. राखाडी चेहरा, मिटलेले डोळे, निळसर ओठ. बोट लावलं. रबर. दुसरी ओढली. तोच चेहरा, तेच ओठ. सगळे पुतळे एकाच साच्यातले होते आणि मेकअपवाल्याने सासऱ्यांना त्या साच्यात बसवण्यात जीव ओतला होता. तिसरा रबर. चौथा रबर. पाचव्याला हात लावताना वरून एक टवका निखळून फरशीवर फुटला आणि ती पाचव्याच्या अंगावरच पडली. तोही रबर. सहाव्याची चादर ओढताना तिच्या लक्षात आलं की आपण हुंदके देतोय, कारण तळघरात आपल्याशिवाय दुसरं कुणी ते देणारं नव्हतं.

नवव्याच्या गालाला तिने बोट लावलं. गार होता. पण बोट रुतलं.

"बाबा."

चेहरा हलला नाही. पापणी हलली नाही. तिने हात धरला, तोही गार. नाडी शोधली, तर आपल्याच बोटांतली धडधड लागली. छातीला कान लावला, तर आपल्याच कानात घण पडत होते. सासूबाईंना काय सांगायचं, हा विचार तिच्या डोक्यात पूर्ण तयार झाला, पहिल्या शब्दापासून शेवटच्यापर्यंत.

"सीन झाला का?" प्रेताने ओठ न हलवता विचारलं.

तिने उरलेली चादर ओढून काढली. "केव्हाच झाला, बाबा. उठा. चला."

"त्या असिस्टंटनी सांगितलंय, मी सांगेपर्यंत हलायचं नाही."

"ते ढगांचं शूटिंग करायला गेलेत."

"मग त्यांना फोन लाव. ज्याने झोपवलं त्यानेच उठवावं. नाहीतर उद्या म्हणतील, काकांनी घाई केली."

वर खांब पुन्हा कण्हला. या वेळी जास्त वेळ.

"बाबा, मी प्रॉडक्शन मॅनेजर म्हणून सांगते. उठा."

सासऱ्यांनी एक डोळा उघडला. "तुला अधिकार आहे का?"

"आत्ता आहे. पाच मिनिटांनी बहुधा नसेल."

ते ताडकन उठून बसले. तिने त्यांचा हात धरला. जिना चढताना ते चष्म्याविना पायऱ्या चाचपडत होते आणि बोलत होते. "दिवे गेले. मग वरून ओढल्याचे आवाज यायला लागले. आधी वाटलं सीनचाच भाग असेल. मग वाटलं, नसेल."

"घाबरलात ना हो?"

"हलायला बंदी होती," ते म्हणाले. "घाबरायला नव्हती. म्हणून तेच करत होतो."

उन्हात आल्यावर एकशे तीन माणसं त्यांच्याकडे बघत होती. इंजिनं बंद झाली होती. साहेब पट्टीपाशी येऊन थांबले होते.

"हे कोण?"

"नमस्कार," राखाडी चेहऱ्याचे सासरे म्हणाले. "मी बारावा."

"माझे सासरे," ती म्हणाली.

साहेबांनी तिच्याकडे मान वळवली. "दारावर पाटी आहे."

"वाचली मी," सासरे म्हणाले. "अक्षर सुरेख आहे."

"पॅकअप झालं की सगळे कागद माझ्याकडे द्या," साहेब तिला म्हणाले. "उद्यापासून येऊ नका."

"बरं," ती म्हणाली.

आता भीती जाईल म्हणून ती वाट बघत उभी राहिली. व्हायचं ते होऊन गेलं होतं. सासरे शाबूत होते, नोकरी गेली होती, घाबरायला काही शिल्लक नव्हतं. पण भीती गेली नाही. उलट छातीत आणखी वर चढून बसली. शिट्टीमास्तर तिने बनवलेल्या यादीवर पेनने 'एकशे पाच: सासरे' असं लिहीत होता आणि त्या नव्या ओळीकडे बघताना तिला कळलं की आपण कशाला घाबरतोय. तिच्यासारख्या भित्र्या बाईने जर पाटी वाचून माणूस आणला असेल, तर बाकीचे तर पाटी वाचतसुद्धा नव्हते.

तिने शिट्टीमास्तरचा भोंगा घेतला.

"जी माणसं यादीत नाहीत, पण आली आहेत," ती म्हणाली, "त्यांनी हात वर करा. किंवा ज्यांनी आणलंय त्यांनी."

सगळे आपापल्या बुटांकडे बघू लागले. साहेब समोरच उभे होते.

"तीन वाजून गेलेत," दिग्दर्शक घड्याळ दाखवत म्हणाला. "ऊन चाललंय."

"मला तर काढलंच आहे," ती भोंग्यातून म्हणाली. तिचा कापरा आवाज मैदानभर कापत गेला. "आज जो बोलेल त्यालाही काढायचं ठरलं तर उद्या इथे फक्त घोडा येईल. बोला. आत कोण आहे ते आत्ता कळू दे. उद्या कळून मी काय करू?"

पहिला हात मेकअपवाल्याचा वर आला. "मावशी आहे माझी. बसमध्ये झोपलीय." मग कपडेवाली बाई म्हणाली, "आमचे मिस्टर. जनरेटरच्या गाडीत बसलेत. तिथे ऊब असते म्हणतात." मग साउंडवाल्याचे दोन भाऊ निघाले. कॅटरिंगवाल्याची बहीण आणि तिची नणंद निघाली. हे सगळे कुणाच्या ना कुणाच्या ताटात मिळून जेवत होते, म्हणून ताटांचा हिशोब इतके दिवस चोख लागत होता. शेवटी साहेबांनीच खांद्यापर्यंत हात उचलला आणि घसा खाकरला.

"माझ्या गाडीत एक गृहस्थ आहेत. व्याही."

"कुणाचे?"

"व्हायचेत अजून," साहेब म्हणाले. "शूटिंग बघायचं होतं त्यांना. नाही कसं म्हणणार?"

शिट्टीमास्तर लिहीत गेला. एकशे बारा. तो यादी मिटणार, तेवढ्यात मागच्या रांगेतून लाइटवाला पुढे आला. त्याने हात वर केला होता, पण खाली घ्यायचं विसरला होता.

"माझा मेहुणा," तो म्हणाला.

"कुठेय?"

लाइटवाल्याचा वर केलेला हात नुसता थोडा पुढे झाला आणि तिला उमगलं की तो हात हजेरीचा नाही, दाखवण्याचा आहे.

दुमजली इमारतीच्या गच्चीवर, कठड्याला टेकून, एक चाळिशीचा माणूस घडीच्या खुर्चीवर बसला होता. डोक्यावर रुमाल, हातात फोन, फोन आडवा धरलेला.

"पडताना वरून चांगलं दिसेल म्हणाला," लाइटवाला पुटपुटला.

सगळ्यांनी आपल्याकडे तोंडं वळवलेली बघून मेहुण्याने खुशीत हात हलवला. कुणीच उलट हात हलवला नाही. फक्त सासऱ्यांनी हलवला, कारण त्यांना चष्म्याशिवाय कोण आहे ते दिसत नव्हतं आणि रिवाज सोडवत नव्हता.

ती होती तिथेच मातीत बसली. साहेब तिच्या शेजारी उभे होते. त्यांचा चेहरा सासऱ्यांपेक्षाही राखाडी झाला होता, आणि त्याला मेकअपवाल्याने हात लावलेला नव्हता.

मेहुण्याला उतरवण्यात वीस मिनिटं गेली. त्याची तक्रार होती की जागा आधी आपण धरली होती. मग शिट्टीमास्तरने तीन जणांना प्रत्येक खोलीत पाठवलं. तळघरातल्या अकराही पुतळ्यांना बोट लावून यायला सांगितलं. चारला बारा मिनिटं कमी असताना त्याने तिच्यापुढे कागद धरला. 'इमारत रिकामी असल्याची खात्री केली आहे.' खाली सहीची जागा.

"ती आता कामावर नाही," दिग्दर्शक म्हणाला. "साहेब करतील सही."

साहेबांनी पेन घेतलं, गच्चीकडे बघितलं, आणि पेन तिच्या हातात दिलं.

तिने आणखी एकदा मोजायला लावलं. एकशे तेरा आले. आणखी एकदा. पुन्हा तेवढेच. सही करताना तिचं अक्षर इतकं हललं की ते दुसऱ्याच कुणाचं वाटत होतं.

तीन शिट्ट्या झाल्या. या वेळी तिन्ही मुद्दाम वाजवलेल्या. इमारत कशी पडली ते तिने पाहिलं नाही. सगळे इमारतीकडे बघत होते आणि ती इमारतीकडे पाठ करून सगळ्यांकडे बघत होती, चेहरे मोजत. एकसष्टवर असताना मागून आवाज आला, पायाखालची जमीन हलली, आणि मग धूळ आली. धुळीत माणसं नाहीशी झाली. एकही उरलं नाही.

ती किंचाळली नाही, कारण तोंडात माती गेली होती.

धूळ आधी खालून विरळ झाली. नुसते पाय दिसू लागले. ती पाय मोजू लागली. बूट, चपला, सासऱ्यांचे अनवाणी राखाडी पाय. बाजूला कुणीतरी तिची बाही घट्ट धरली होती.

"किती?" ते साहेब होते. आवाज पार बारीक झाला होता.

"दोनशे बावीस. माझे धरून."

"चार कमी? म्हणजे दोन माणसं?"

"दोघं पोकलेनवाले वर केबिनमध्ये आहेत. त्यांचे पाय जमिनीवर नाहीत."

साहेबांनी श्वास सोडला, पण बाही सोडली नाही. समोर कुणीतरी टाळ्या वाजवू लागलं होतं. दिग्दर्शक कुणाला तरी मिठी मारत होता, बहुधा कॅमेऱ्याला.

"तरी," साहेब म्हणाले, "एकदा नावं पुकारून घ्या."

तिने शिट्टीमास्तरकडून यादी घेऊन उघडली. एक नंबरवर हीरो होता. त्याने "हजर" म्हटलं, पण धुळीत तो नीट दिसेना, म्हणून तिने त्याला चार पावलं पुढे यायला लावलं, जवळून बघितलं, दंडाला बोट लावलं. बोट रुतलं. मग ती दोनवर गेली.